गिरणीचा चुकलेला ठोका

मित्रांनो, कपाटातल्या केबलींच्या गुंत्याखाली पडलेला मी एक जुना कॅसेट रेकॉर्डर आहे. कारखान्यातून निघताना वाटले होते, एखाद्या मेजावर स्वस्थ राहू. पण हॅम्बर्गच्या एका रेडिओ केंद्रात आफ्रिकेच्या बातम्या देणाऱ्या वीणाताई सान्यांच्या खांद्यावर मला स्वस्थता लाभलीच नाही. विमाने, धुरळ्याच्या बसगाड्या, पुन्हा विमाने!

मुलाखत संपली की त्या जागेची नुसती शांतता मिनिटभर टिपायची, ही ताईंची शिस्त. कापलेल्या वाक्यांचे सांधे त्या शांततेने भरून निघतात.

२००३ साली पूर्व आफ्रिकेत एक शिक्षक भेटले. गावाच्या जमिनी कोणी बळकावल्या, हे सांगितल्यामुळे ते लपून राहत होते. त्यांचे नाव मी आजही सांगणार नाही. त्यांचे शब्द दुसऱ्याच्या आवाजात ऐकवायचे ठरले होते. पण शांतता टिपताना शेजारच्या पिठाच्या गिरणीचे इंजिन माझ्यात उतरले: तीन ठोके आणि चौथा चुकलेला.

संपादक लोरेन्झ खूश झाले. "फ्राऊ साने, ही गिरणी ठेवा. तिच्याविना वृत्तांत म्हणजे शिळा पाव."

"तो ठोका तिथलं शेंबडं पोरही ओळखेल."

"हॅम्बर्गमध्ये कोण ओळखणार?"

"आपलं प्रसारण तिथंही ऐकतात, लोरेन्झसाहेब. म्हणून तर आपल्याला पगार मिळतो!"

"आल्झो, बरं तर, शिळा पाव," ते हसले.

गिरणी वगळून वृत्तांत प्रसारित झाला. शिक्षक मंगळवारी फोन करणार होते. फोन आला नाही. एखादा ठोका निसटला तर नाही ना, म्हणून ताई घरी पोळ्या लाटतानाही प्रसारणाची टेप माझ्यात पुन्हा पुन्हा ऐकत राहिल्या. माझी चाके तापली.

"अगं, पोळी करपली," त्यांचे पती चारुदत्त म्हणाले.

"करपू दे!"

तेवढ्यात फोन वाजला. ताईंचे हात पिठाचे होते, म्हणून चारुदत्तांनी स्पीकर लावला.

"मॅडम, मी सुखरूप आहे. कुठे आहे, ते मात्र सांगत नाही."

मागे गिरणी चालली होती. तीन ठोके. चौथा चुकलेला.

सवयीने ताईंचे बोट माझ्या ध्वनिमुद्रणाच्या लाल बटणावर आले आणि तिथेच थांबले.

"सर, मागचं मला काही ऐकू येत नाही हं," त्या म्हणाल्या. पलीकडे हसू फुटले.

मित्रांनो, त्या बटणावर त्यांच्या बोटाचे पीठ अजून आहे. माझी धूळ जरूर पुसा, तेवढे राहू द्या. आणि कोणी विश्वासाने आपला आवाज तुमच्या हाती दिला, तर तो जगाला ऐकवण्याआधी त्याच्यामागे काय वाजते आहे, ते नीट ऐका.