अठरा जणांची घंटा

माझा भाऊ फोल्कमार संगीतकार होता, पण त्याचं संगीत वाद्यांवर वाजत नसे. शहरातल्या रेडिओ केंद्राच्या तळघरात तो यंत्रांतून स्वर काढी आणि त्यांच्या ध्वनिफिती घेऊन शनिवारी गावी माझ्याकडे येई. मी शिवणकाम करणारी, कात्रीवर हात बसलेला. म्हणून फिती कापून तो सांगेल तशा जोडायचं काम माझं. अडतीस सेंटिमीटर फीत म्हणजे एक सेकंद. माझ्या टेबलावर पडद्यांच्या कापडाशेजारी असे कितीतरी सेकंद पडलेले असत.

आमच्या ओबरलिंडाखच्या चर्चची घंटा युद्धात वितळवायला नेली होती. पंधरा वर्षं मनोरा मुका होता. सत्तावन्नच्या वसंतात फोल्कमारने एकदम विचारलं, "ताई, आपल्या घंटेचा सूर कुठला होता गं?"

मी गुणगुणले.

"छे, याहून खाली होता."

"मग मला विचारतोस कशाला?"

तो ध्वनिमुद्रणाचं यंत्र घेऊन दारोदार हिंडला. अठरा जणांनी घंटा गुणगुणून दाखवली आणि सूरही अठरा निघाले. बेकरीवाल्या वाल्बुर्गा आजी तर चिडल्याच. "अरे, चाळीस वर्षं त्या घंटेवर पाव भट्टीत घातले मी! माझं चुकेल?" शेजारून त्यांच्या नवऱ्याने भलताच सूर लावला. दिवसभर दोघांचा अबोला.

शेवटी आम्ही क्विरिनबाबांकडे गेलो. घंटा तेच वाजवायचे. आता ठार बहिरे झाले होते. फोल्कमारने पाटीवर प्रश्न लिहिला. ते हसले. "सूर मला काय माहीत, बाळा? मी आपला खाली दोर धरून." मग उठून त्यांनी रिकाम्या हातांनी दोर ओढला. खाली वाकले, आणि वर जाणाऱ्या दोराने उचलावं तसे चवड्यांवर उभे राहिले. पुन्हा. पुन्हा. फोल्कमार घड्याळ धरून बघत राहिला.

उन्हाळाभर मी कापत होते. त्याने एकही सूर खोटा ठरवला नाही. कुणाचा लांबवला, कुणाचा उलटा लावला, पण अठराही ठेवले, आणि सगळ्यांना बाबांच्या हातांची लय दिली.

सप्टेंबरातल्या एका रविवारी दुपारी चर्चमध्ये चार ध्वनिक्षेपक मांडले. आधी नुसती हवा जड झाल्यासारखं वाटलं, मग बारीक टिपटिप. "नळ गळतोय का कुठे?" कुणीतरी म्हणालं, लोक हसले. मग नदीवरचं धुकं चढावं तसा आवाज पायांपासून वर चढत गेला. झोपेत आईची हाक ऐकू यावी आणि कुठून आली ते कळू नये, तसं झालं. काहीजण उठून गेले. क्विरिनबाबा ध्वनिक्षेपकावर तळवा ठेवून डोळे मिटून उभे होते, आणि हळूच चवड्यांवर उचलले जात होते.

"ही आपली घंटा नाहीच," बाहेर आल्यावर वाल्बुर्गा आजी म्हणाल्या. "पण मी आहे तिच्यात. आणि हा मेलाही." नवऱ्याकडे त्यांनी बोट दाखवलं.

रेडिओवर ती रचना एकदाच लागली. तक्रारीची तीन पत्रं आली. फोल्कमारने तिन्ही जपून ठेवली.

फेब्रुवारीत क्विरिनबाबा वारले. वाल्बुर्गा आजी माझ्या दारात आल्या. "तुझ्या भावाला बोलाव. जन्मभर दुसऱ्यांच्या अंत्ययात्रांना घंटा वाजवली त्यांनी. त्यांना असं मुकाट पोचवायचं का?"

फोल्कमार पहिल्या बसने आला. आम्ही मनोऱ्याच्या खिडकीत ध्वनिक्षेपक बसवला. खाली माणसं बर्फातून शवपेटी घेऊन निघाली, आणि हळूहळू सगळ्यांची पावलं एका लयीत पडू लागली. फीत संपली. फोल्कमारने माझ्याकडे पाहिलं.

"अजून वळणावरच आहेत," मी म्हणाले. "पुन्हा लाव."