अकरा गाठींचं पातळ

"सोमवारपासून सानवीपण गाडीतनंच जाईल," राजश्रीने शनिवारी सकाळी तव्यावर भाकरी टाकता टाकता सांगितलं, आणि हातावर पातळाची दोरी गुंडाळत असलेली कमळा ती तशीच अर्धवट ठेवून उभी राहिली.

सून वाईट नव्हती हो. वाईट असती तर चार शब्द भांडता तरी आलं असतं. राजश्रीचं म्हणणं एवढंच, की गाडी आपल्या घरची, चालवणारा आपला नवरा, वाडीतली बाकीची पोरं तिच्यात बसून आरामात अंगणवाडीत उतरतात, आणि आपलीच मुलगी तेवढी आजीचं बोट धरून पाखाडी उतरते. लोक काय म्हणतील? शिवाय आईंचे गुडघे. आता गुडघ्यांचं नाव निघाल्यावर कमळा काय बोलणार? "बरं," म्हणाली, सानवीच्या मुठीत पहिली गाठ दिली आणि अंगणाबाहेर पडली.

कमळा गेली सत्तावीस वर्षं अंगणवाडीत मदतनीस होती. झाडलोट करायची, खिचडी शिजवायची, आणि सकाळी वरच्या वाडीतली पोरं गोळा करून खाली आणायची. वाडी डोंगराच्या अंगावर, अंगणवाडी खाली सडकेला, आणि मध्ये जांभ्या दगडांची पाखाडी, एकशे बत्तीस पायऱ्यांची. तीन-चार वर्षांची पोरं म्हणजे करडंच, एक इकडे पळतं, एक तिकडे. पहिल्याच महिन्यात एक पोर काजूच्या बागेत शिरलं ते तासभर सापडेना. त्या दिवशी संध्याकाळी कमळाने आपलं एक विरलेलं हिरवं पातळ पिळून घेतलं आणि त्याला हात-हातभर अंतरावर अकरा गाठी मारल्या, कारण तेव्हा पोरं अकरा होती. एका पोराला एक गाठ. चालताना गाठ सोडली तर पुन्हा पहिल्या पायरीपासून यायचं, हा नियम. तिचा स्वतःचा नितेशही तेव्हा चार वर्षांचाच होता. त्याला तिने सगळ्यात शेवटची गाठ दिली, आपल्या पोराला पुढे घेतलं असं कोणी म्हणायला नको. तो रोज रडायचा आणि रोज शेवटीच चालायचा.

पातळ दोनदा फाटलं, त्याच्या जागी दुसरं जुनं पातळ आलं, गाठी मात्र अकराच राहिल्या. पायऱ्यांनाही पोरांनीच नावं पाडली होती. मधोमध खोलगट होती ती ताट, गुडघ्याएवढी उंच तो हत्ती, आणि पाय ठेवला की डुगडुगायची ती म्हातारीचा दात. परत वर चढताना प्रत्येकाने वाटेतली एक सुकी फाटी उचलून आपल्या घरी न्यायची, न्हाणीच्या चुलीला. कोणी खाऊचा कागद टाकला तर त्याने तो खिशात घालून घरापर्यंत न्यायचा. एकदा तालुक्याहून पर्यवेक्षिका आल्या, फोटो काढले आणि विचारू लागल्या, "मावशी, तुमच्या या पर्यावरणपूरक उपक्रमाचं नाव काय?" कमळा गोंधळली. म्हणाली, "नाव कसलं, बाई? पोरं चालत येतात." त्यांनी तेच लिहून घेतलं असेल तर देव जाणे.

दोन वर्षांपूर्वी नितेश मुंबईहून कायमचा परत आला. तिथे टुरिस्ट गाडी चालवायचा, इथे स्वतःची व्हॅन घेतली. डोंगराला वळसा घालून सडकही वाडीपर्यंत आली होती. तो मोठ्या पोरांना रत्नागिरीतल्या शाळेत सोडू लागला. लेक डोळ्यांसमोर आला म्हणून कमळाने ग्रामदेवतेला नारळ दिला. नारळ देताना पुढचं काही तिच्या डोक्यातही नव्हतं.

मग यंदाच्या जुलैमध्ये दोरीवरच्या पोरांतली मनस्वी घसरली. पायरीवर शेवाळ होतं, पाय सटकला, हनुवटी फुटली, दोन टाके पडले. कमळाने तिला खांद्यावर टाकून धावत आरोग्य केंद्रात नेलं. मनस्वीची आई एका शब्दानेही बोलली नाही. दुसऱ्या दिवशी फक्त म्हणाली, "आजी, पाऊस सरेपर्यंत हिला गाडीतनं पाठवते हां." तिच्यामागे ओमकार गेला, त्याच्यामागे काशीरामची जुळी गेली. नितेश कोणाला नाही म्हणणारा नव्हता, आणि आईचा त्रास वाचतो असंच त्याला वाटे. पोरं गप्प बसावीत म्हणून तो त्यांच्या हातात मोबाइल द्यायचा. पाऊस सरला, उन्हं पडली, पण कोणी परत आलं नाही.

कमळाने लेकाला कधी काही म्हटलं नाही. घर सोडून गेलेला परत येतो, चार माणसांच्या उपयोगी पडतो, त्याला कोणत्या तोंडाने सांगायचं की तुझ्या गाडीने माझी दोरी रिकामी केली? खिचडी होती, झाडलोट होती, काम काही जाणार नव्हतं. पण दोरीला एक तरी पोर असलं की ती त्या पाखाडीवर कोणीतरी असे. सानवीही गेली की पातळ खुंटीला लागणार, आणि आपण नुसती भांडी घासणारी बाई उरणार, हे तिला कळत होतं आणि लागतही होतं.

तर त्या शनिवारी आजी-नात पाखाडीच्या तोंडाशी आल्या, आणि बघतात तर नितेशची व्हॅन वळणावर बॉनेट उघडून उभी. मोठी पोरं मागून आलेल्या एसटीत चढून गेली होती. आत चार लहानगी दप्तरं पोटाशी धरून बसलेली.

"आये, बॅटरी बसली," नितेश म्हणाला. "मी खाली जाऊन गंगाराम मेकॅनिकला घेऊन येतो. पण ह्यांचं काय करू?"

"काय म्हंजे? पाय हायत ना त्यांना."

हायत, पण पोरं चालायचं विसरली होती. ओमकारने दहाव्या पायरीवर हात वर केले, उचलून घे म्हणून. जुळ्यातली एक बसली, म्हणून दुसरीही बसली. मनस्वीने तर गाठच धरली नाही, एक हात हनुवटीवर ठेवून ती वरच उभी राहिली. कमळाने घाई केली नाही, "हितंच थांब, ह्यांना सोडून तुला न्यायला येते," म्हणाली. खरी लगबग सानवीची चालली होती. दोन महिने पाखाडी तिच्या एकटीची होती, आता तिच्याकडे पाहुणे आले होते. "हे ताट. ह्याच्यात पाणी असतं. हा हत्ती, ह्याच्यावर बसून उतरायचं. आणि ही म्हातारीचा दात, हळू ठेव पाय," असं ती सगळ्यांना सांगत होती. ओमकारला हत्ती आठवला आणि तो कोणी न उचलता बसून उतरला.

नितेश मागे शेवटची गाठ धरून येत होता. मुंबईत नऊ वर्षं स्टीअरिंगमागे बसून त्याचं पोट सुटलं होतं. निम्म्यावर येईपर्यंत त्याला धाप लागली, कपाळ पुसायला म्हणून त्याने हात सोडला.

"बाबा, गाठ सोडलीस," सानवी म्हणाली. "पहिल्यापासून ये."

नितेशने आईकडे पाहिलं. आईने काजूच्या झाडाकडे पाहिलं. नियम तो नियम. तो धापा टाकत वर निघाला आणि खाली चारही पोरं त्याच्या पायऱ्या मोजू लागली. चाळीसच्या पुढचे आकडे कोणालाच येत नव्हते, म्हणून त्यांनी पुन्हा एकपासून सुरू केलं. मनस्वी पहिल्या पायरीशी अजून तशीच उभी होती. तिला बरोबर घेऊन नितेश उतरू लागला, पण आता सावकाश, खाली बघत. पायऱ्यांच्या दोन्ही कडा हिरव्यागार शेवाळाने माखलेल्या होत्या. मधोमध मात्र वीतभर रुंदीचा पट्टा वरपासून खालपर्यंत लालभडक, कोरडा, घासून काढलेला.

"हे शेवाळ कोणी काढलं?" पोरांपाशी येता येता त्याने विचारलं.

सानवी बोलली. "आजीने. खिचडीची भांडी झाली की नारळाच्या सोडणाने घासते. रोज. मी पाणी ओतते."

नितेश थांबला. "एवढ्या सगळ्या पायऱ्या? हिच्या एकटीसाठी, आये?"

"दुसरं कोण होतं?" कमळा म्हणाली. आवाजात राग नव्हता. त्यानेच नितेशला जास्त लागलं.

मग कमळा मनस्वीजवळ गेली. जिथे ती घसरली होती त्या पायरीपाशी गुडघे धरून कशीबशी उकिडवी बसली. "बग गो बाय, हात लावून बग. हितलं तर मी दोनदा चोळलंय. माजं चुकलं होतं तेव्हा, आधी बघायला हवं होतं." मनस्वीने एक बोट लावलं, मग अख्खा तळवा टेकला. खरखरीत होतं. तिने उठून दुसरी गाठ धरली.

रविवारी नितेश दिवसभर गाडीत काहीतरी करत होता. सोमवारी राजश्रीने सानवीची वेणी घातली, दप्तर पाठीला लावलं. कमळाने दोरी खुंटीवरून काढलीच नाही. उगाच डोळ्यांना पाणी नको, म्हणून पदर खोचून ती एकटीच निघाली, तर अंगणात चार पोरं उभी. बाहेर मनस्वीची आई नितेशशी वाद घालत होती.

"परवापर्यंत होती की जागा!"

"तेव्हा होती, वहिनी. आता आत स्टेपनी ठेवलीय. खाली तिचा हुक तुटलाय, रस्त्यात पडायची. मोठ्यांना बसवतो कसंतरी, लहानांना जागाच नाय."

"मग ह्यांनी जायचं कसं?"

नितेश चपलेच्या टोकाने माती उकरत राहिला. "चालत," म्हणाला. "पाखाडी एकदम साफ हाय. मी परवा बघून आलोय."

राजश्रीने नवऱ्याकडे एकदा नीट निरखून पाहिलं. मग आत गेली, खुंटीवरून पातळ काढलं आणि सासूच्या हातात दिलं. म्हणाली, "आई, गुडघ्यांना रात्री तेल लावून देते." आता सगळीच पोरं चालणार, मग तिचंही काही म्हणणं उरलं नव्हतं.

सानवी सवयीने पहिली गाठ धरायला आली. कमळाने तिची मूठ हलकेच सोडवली आणि तिला मागे नेऊन उभं केलं. "आपलं माणूस शेवटी," म्हणाली. पोरीने ओठ काढले, पण गाठ धरली. पाच पोरं, अकरा गाठी. उरलेल्या सहा कमळाने गोळा करून काखेत धरल्या. वाडीत तेवढी पोरं आता नव्हतीच.

हत्तीच्या पायरीवरून खालचं सडकेचं वळण दिसतं. पोरं तिथे पोचली तेव्हा नितेशची व्हॅन वळण घेत होती. पुढे मोठी मुलं, आणि मागची अख्खी सीट रिकामी. तिच्या मधोमध एकटी स्टेपनी, पट्टा बांधून बसवलेली. कमळाचा पाय थांबला. किती वेळ थांबला, तिला कळलं नाही.

"आजी," ओमकारने विचारलं, "ती स्टेपनी कुठे चाललीय?"

"शाळेत," कमळा म्हणाली. "उतर आता, बसून उतर. मागं सानवी खोळंबलीय."