एकवीस झोंबी आणि नारायणराव

देऊळघाटच्या प्रेरणाने सिनेमा लिहिला. गाण्यांचा, घरच्या सगळ्यांनी मिळून पाहावा असा. माणसं मेलेल्या पण चालत्याफिरत्या झोंबींना घाबरतात, शेवटी एका गाण्यात त्यांची दोस्ती होते, एवढीच गोष्ट. बाकी सगळं चित्रण झोंबींच्या नुसत्या सावल्या दाखवून झालं होतं, शेवटचं गाणं तेवढं राहिलं होतं. खामगावचा कुलदीप लग्नांचे व्हिडिओ काढायचा; ऐन लग्नसराईत त्याचा हा एकच रविवार मोकळा, तोही संध्याकाळपर्यंत. सोमवारी प्रेरणा पुण्याला नोकरीवर रुजू होणार. म्हणजे गाणं आज झालं तर झालं, नाहीतर सिनेमा कायमचा अर्धवट.

सकाळी अडचण निघाली ती झोंबींची. माणसं व्हायला अख्खी गल्ली ठेवणीतले कपडे घालून हजर. झोंबी व्हायला एकही नाही.

"मेल्याचं सोंग घेऊ? चांगल्या घरचे लोक आहो आम्ही," पुष्पाबाई म्हणाल्या. घर किती चांगलं ते गल्लीला ठाऊक होतं, पण सकाळची वेळ, कोण तोंडी लागतो.

शेवटी शेजारच्या मनकर्णाबाई पुढे आल्या. वय ऐंशी, आवाज चाळिशीचा.

"अवं, कावळा अंगाले शिवला तं आपण मेल्याचा खोटा सांगावा धाडतोच ना? सोयरे रडले का आयुष्य वाढते. इथं तं कॅमेऱ्यात मरणं हाय. लाव मले राख!"

"हाव आजी, जितके लोक पाहतीन तितके वर्षं वाढतीन," प्रेरणा खुशीत बोलून गेली. तिथंच चुकलं.

शेषरावांनी लगेच विचारलं, "गुडघ्याले बी फरक पडते का?" पुष्पाबाईंनी चांगलं घर बाजूला ठेवून गाल पुढे केला. जयमाला धावत आली. सासूला मात्र घरीच ठेवून आली. सासूबाईंचं आयुष्य तिच्या हिशेबाने पुरेसं होतं. दुपारपर्यंत चुलीतली राख आणि काजळ संपलं. झोंबी एकवीस. माणूस एकही नाही.

"ताई, दोस्ती कोणासंगं करायची?" कुलदीपने विचारलं.

"दहा जणांनी तोंड धुवा ना," प्रेरणा काकुळतीला आली.

"आधी शेषरावले सांग," पुष्पाबाई म्हणाल्या.

"मी काऊन? पुष्पाबाई मोठ्या हायेत."

"कोन मोठी?"

यात चार वाजले. कुलदीप घड्याळ पाहू लागला. सहाला त्याला खामगावला हळदीच्या कार्यक्रमाला पोचायचं होतं. प्रेरणाने ओढणीने डोळे टिपले आणि वर पाहिलं, तर लिंबाच्या पारावर नारायणराव. सकाळपासून तिथंच, राखेचा कणही न लावता. गावात काही चांगलं चाललं की ते नावं ठेवायला वेळेवर हजर असत.

"काका, तुम्ही नाही झाले झोंबी?"

"जास्त जगून काय करू? ह्याईचेच थोबाडं पाहू?"

"मंग गाण्यात या ना. सगळ्या गावात तुम्हीच एक माणूस उरले."

"हे मी वीस वर्षांपासून सांगून राह्यलो," म्हणत नारायणराव उतरले.

चाल सोपी होती. माणसाने हाक द्यायची, 'या रे या, बसा रे बसा, भाकर गरम हाय', आणि झोंबींनी गुरगुरत जवळ यायचं. नारायणराव पहिल्यांदा अंगावर खेकसल्यासारखे गायले. झोंबी खरेच थबकले.

"काका, दोस्ती हाय, वसुली नाही!" प्रेरणा ओरडली.

दुसऱ्यांदा त्यांनी डोळे मिटले आणि गळा मोकळा सोडला. आवाज निघाला तो भरदार, गोड. गुरगुरायचं सोडून शेषराव ठेका धरू लागले. मनकर्णाबाईंनी नारायणरावांचा हात धरून गिरकी घेतली, पाठोपाठ बाकीचे वीस. राख उडून सगळेच एका रंगाचे झाले.

"झालं, झालं!" कुलदीपने कॅमेरा खाली घेतला. प्रेरणाने तिथंच मातीत बसकण मारली आणि हसत सुटली.

नारायणरावांनी मनकर्णाबाईंचा हात सोडला नव्हता.

"थांबले काऊन बे?" ते झोंबींवर डाफरले. "दुसरं कडवं कोण म्हनन?"

दुसरं कडवं लिहिलेलंच नव्हतं. प्रेरणा कागद शोधायला पळाली.