कालव्यातल्या नावेचं गाऱ्हाणं

मित्रांनो, पुलाखालच्या चिखलात जी काळी लाकडं रुतलेली दिसतात, ज्यांच्यावर तुमच्यातला एखादा हमखास दगड मारतो, ती मी. मी एक जुनी मालवाहू नाव आहे. दगडांचा मला राग नाही. निदान त्या निमित्तानं कुणी माझ्याकडे बघतं तरी.

माझा जन्म याच कालव्याच्या काठी झाला. सुतारांनी जाड फळ्या वाफेवर वाकवल्या, फटींत ताग ठासला आणि वर डांबर फासलं. मला मुद्दाम अरुंद बांधलं होतं, कारण कालव्याचे दरवाजे अरुंद होते. उतार आला की दोन दरवाज्यांमधल्या हौदात शिरायचं. मागचं दार लागायचं, हौदातलं पाणी हळूहळू कमी व्हायचं आणि पाण्याबरोबर मीही अलगद खाली उतरायचे. उतार उतरण्याची इतकी ऐटदार रीत दुसरी नसेल! कोळसा, विटा, धान्य, मिळेल ते मी वाहिलं.

माझ्यावर एक जोडपं राहायचं. कालव्यावरचे सगळे त्यांना दादा आणि वहिनी म्हणत. दादा काठावरून घोडा हाकायचे, घोडा मला ओढायचा आणि वहिनी सुकाणू धरायच्या. मागची एवढीशी खोली हेच त्यांचं घर. त्यांची मुलगी तिथेच रांगली, पाण्यात पडू नये म्हणून कमरेला दोरी बांधून वाढली. "घोडा माझं कुठे ऐकतो? हिच्या ओरड्याला घाबरून चालतो," असं दादा प्रत्येक दरवाज्यावर सांगायचे आणि वहिनी दर वेळी पहिल्यांदाच ऐकल्यासारख्या चिडायच्या. माझ्या पितळी कड्या त्या इतक्या घासायच्या की लोक पुलावर थांबून मला बघत. तेव्हा मी फार मिजाशीत असायचे.

मग ट्रक आले. त्यांच्यापुढे माझी चाल ती काय! माल मिळेनासा झाला. घोडा म्हातारा होऊन गेला, मुलगी लग्न होऊन शहरात गेली आणि एका सकाळी दादांची डावी बाजू लुळी पडली.

त्याच सुमारास नोटीस लागली. सोमवारी कालव्यातलं पाणी काढून टाकणार. ज्यांना नावेवरच राहायचं असेल, त्यांनी त्याआधी खालच्या नदीत उतरावं. मुलगी धावत आली. "आई, आमच्याकडे या आता. हट्ट कशाला?"

"तुझे बाबा जमिनीवर जगायचे नाहीत गं," वहिनी म्हणाल्या.

त्यांनी घोड्याचा पट्टा स्वतःच्या खांद्याला लावला आणि मला ओढू लागल्या. वय झालेली बाई, पुढे वाकून एकेक पाऊल टाकत होती. दादा खिडकीतून बघत होते. त्या दिवशी त्यांनी थट्टा केली नाही.

शुक्रवारी संध्याकाळी आम्ही शेवटच्या दरवाज्याशी पोचलो. पलीकडे नदी दिसत होती. पण दरवाज्याला कुलूप, आणि दरवाजा सांभाळणाऱ्या काकांकडची किल्ली कालव्याच्या कचेरीत जमा झालेली. वारा सुटला होता. मी डुलत होते आणि अंगाला आवर नसलेले दादा पलंगावरून घरंगळत होते.

आता नीट ऐका. नाव बांधताना दोर नेहमी हातभर सैल सोडतात. पाणी उतरलं तर नावेलाही खाली जाता आलं पाहिजे. वहिनींनीच कितीतरी नवख्यांना हे शिकवलं होतं. पण त्या संध्याकाळी त्या म्हणाल्या, "पाणी जायचंय सोमवारी. आज तरी तुम्हाला नीट झोप लागू दे." आणि त्यांनी मला दोन्ही टोकांना काठाशी करकचून बांधलं. माझं डुलणं थांबलं. दादांना गाढ झोप लागली.

शनिवारी सकाळी त्या किल्ली आणायला गेल्या. तिकडे वरच्या अंगाला कचेरीच्याच कुणीतरी, मधे सुट्टी येते म्हणून, कालवा आधीच मोकळा करून टाकला. कुणी येऊन हाक मारली नाही. पाणी माझ्या खालून निघून गेलं. काठाकडची बाजू दोरांना लटकली, दुसरी खाली झुकली. भांडी कोसळली. दादा भिंतीवर आदळले आणि अर्ध्या तोंडानं "अगं ए, अगं ए" करत राहिले. दरवाजा सांभाळणारे काका धावत आले. त्यांनी दादांना खिडकीतून ओढून काढलं, तोच दोर तुटले. मी तळाच्या दगडांवर आपटले आणि माझा कणा मोडला.

इतक्यात पायवाटेवरून वहिनींचा आवाज आला. "मिळाली हो किल्ली! मिळाली!" हात उंच करून त्या येत होत्या. मग त्यांना रिकामा कालवा दिसला.

मुलीनं दादांना आपल्या घरी नेलं, काही कमी पडू दिलं नाही. तरी थंडी संपायच्या आत ते गेले.

पुढे लोकांनी माझ्यावर कचरा टाकला, मोडक्या खुर्च्या टाकल्या. अलीकडे काही तरुणांनी कालवा साफ केला, थोडं पाणी आणलं, 'आपला वारसा' अशी पाटी लावली. पाटीवर माझी लांबी आहे, माझ्या लाकडाची जात आहे. वहिनींबद्दल एक अक्षर नाही.

त्या अजून येतात. दुपारी काठी टेकत येतात, काठावरच्या बाकावर बसतात आणि मला म्हणतात, "माझ्याच हातानं मोडलं गं तुला. त्यांनाही." मुलगी म्हणते, "आई, पुरे ना आता." कचेरीतून मात्र 'चूक आमची' असं सांगायला कधीच कुणी आलं नाही. माझं काळीज तुटतं, पण माझं बोलणं त्यांच्यापर्यंत पोचत नाही.

मित्रांनो, उद्या तुम्ही मोठे व्हाल. काही बंद कराल, काही पाडाल, काही बुजवाल. त्याआधी तिथे कोण राहतं ते बघून या. पण ते पुढचं. आज माझं एवढंच काम करा. त्या बाकापाशी जा आणि वहिनींना सांगा, नाव मोडली ती न सांगता सोडलेल्या पाण्यानं. त्यांच्या गाठीनं दादांना नावेवरची शेवटची रात्र शांत झोप दिली. जरा मोठ्यानं सांगा. त्यांना आता कमी ऐकू येतं.