औंदाची देवी

"मावशी, दोन हात बारके झाले," रामेश्वर म्हणाला. "ह्यातल्या एकात मोबाइल बसंल का?"

नवरात्र मंडळाचा तो अध्यक्ष. यंदाच्या जिवंत देखाव्यात त्याला आजची देवी हवी होती. तलवार, त्रिशूळ नको. पेन, स्टेथोस्कोप, एसटीचं स्टिअरिंग. अंगणवाडीच्या मदतनीस शिवकन्याबाई कापूस भरून देवीचे जादा सहा हात शिवत होत्या. नववीतली दिपाली देवी होणार होती.

रामेश्वर गेल्यावर त्या दिपालीच्या पाठीला हात बांधून बघू लागल्या, तर पाठ हलत होती. पोरगी रडत होती.

"काय झालं गं?"

"दसरा झाला की लगीन हाय माझं. आप्पा म्हणले, कोयता पुरा व्हतो."

ऊसतोडीला नवरा-बायकोची जोडी लागते; जोडी म्हणजे एक कोयता. शिवकन्याबाईंना हे कुणी सांगायला नको होतं. तेराव्या वर्षी त्यांचाही असाच कोयता पुरा झाला होता. अठरा हंगाम त्यांनी ऊस तोडला.

"आई काय म्हणती?"

"काईच न्हाई."

दुपारी अंगणवाडीचं दार लोटून त्यांनी १०९८ ला, मुलांच्या हेल्पलाइनला, फोन लावला. तुमचं नाव नाही सांगितलं तरी चालेल, असं पलीकडची बाई म्हणाली. त्यांनी सांगितलं.

तिसऱ्या दिवशी अधिकारी आले. दिपालीच्या वडिलांनी, धुळाजीनं, हमीपत्रावर अंगठा दिला. लग्न थांबलं. देवीही बदलली, मंडळाला वाद नको होता.

"मावशी, तुमी गावाचा इचार करायचा व्हता," रामेश्वर म्हणाला.

"केला की. दिपाली गावातलीच हाय."

देखावा लई गाजला. शिवकन्याबाईंना कुणी बोलावलं नाही. दळणाला गेल्या तर बायका बोलायच्या थांबत.

दसऱ्यानंतर ऊसतोडीची टोळी निघायच्या सकाळी दारात भिवराबाई उभी राहिली. दिपालीची आई. मागे दप्तर घेऊन दिपाली.

"हंगाम सरंपतुर ऱ्हाऊ द्या हिला," ती म्हणाली.

"धुळाजी?"

"त्यांला म्या सांगितलं. इचारलं न्हाई."

डोक्यावरचं ज्वारीचं पोतं तिनं उंबऱ्याशी उतरवलं.

"अगं, हे कावून?"

"तिच्या वाट्याची हाय."

चावडीपाशी ट्रॅक्टरचा हॉर्न वाजला. भिवराबाईनं चुंबळ झटकली, काखेत मारली आणि ती चालू लागली.