करवलीचं कार्ड

जाड कागद प्रिंटरच्या पोटात तिसऱ्यांदा अडकला, तेव्हा त्रिवेणीने मागचं झाकण उघडून तो दोन्ही हातांनी हळूच बाहेर ओढला. मलकपेठच्या दुकानदाराने बजावलं होतं, एकेक कागद घाला, गठ्ठा नक्को. पण घाई कुणाला नसते! सख्ख्या भावाचं, कुलदीपचं, लग्न चार दिवसांवर आलेलं, आणि पाहुण्यांच्या नावांची कार्डं, टेबलांचे नंबर, जेवणाची यादी, सगळं तिने आपणहून अंगावर घेतलेलं. प्रेसवाल्याचा भाव ऐकून कुलदीपचा चेहरा उतरला, तेव्हा तीच म्हणाली होती, "वेडा की काय? घरात प्रिंटर आहे, मी आहे. बाहेर कशाला जायचं?"

एका कागदावर आठ नावं. छापायची, पोलादी पट्टी धरून कटरने कापायची, संपलेल्या बॉलपेनने मधोमध रेघ दाबायची आणि दुमडायची, की कार्ड ताटासमोर आपलं आपण उभं राहतं. पहिल्या टेबलाची कार्डं तिने सगळ्यांत आधी काढली होती. त्यात एक तिचं स्वतःचं. वर 'त्रिवेणी' आणि खाली बारीक अक्षरांत 'करवली'. ते तिने दोनदा छापलं, पहिल्यात शाई जरा फिकी वाटली म्हणून. कुणी हसलं असतं तर हसो बापडं.

घटस्फोट घेऊन ती पुण्याहून परत आली, तेव्हा आई चार महिने तिच्याशी धड बोलली नव्हती. स्टेशनवर घ्यायला आला होता तो कुलदीप. दोन्ही बॅगा उचलत म्हणाला होता, "ताई, माझ्या लग्नात करवली तूच. करा-दिवा घेऊन माझ्यामागे तूच उभी राहायचीस. लोकांना काय बोलायचं ते बोलू दे." त्या एका बोलण्यावर तिने तीन वर्षं काढली होती.

नावांची यादी लॅपटॉपवर होती. घरातल्या कुणीही, कुठूनही उघडावी आणि बदलावी अशी. जो बदल करायचा, त्याचं नाव त्या चौकटीवर उमटायचं. पुढचा कागद लावण्याआधी तिने ती पुन्हा उघडली. पहिल्या टेबलावरच्या तिच्याच नावावर एक हिरवी चौकट येऊन थांबली होती. चौकटीवर लिहिलं होतं, कुलदीप.

तिचं नाव पुसलं गेलं. त्या जागी मावसबहिणीचं नाव आलं, 'शोभा'. खालचं 'करवली' तसंच राहिलं. मग हिरवी चौकट खाली खाली सरकत गेली. फोटोग्राफर, मेंदीवाली आणि बँडवाले जेवणार होते, त्या शेवटच्या टेबलापाशी ती थांबली, आणि तिथे उमटलं, 'कार्डवाल्या बाई – १'.

त्रिवेणीने फोन लावला.

"काय करतोयस?"

"काही नाही गं. ऑफिसात आहे."

"यादी माझ्यासमोर उघडी आहे, कुलदीप."

हिरवी चौकट यादीवरून नाहीशी झाली.

"ताई, परेशान होऊ नकोस. ऐक तर. शिल्पाच्या घरी पहिल्यापासून माहीत आहे, की मोठी बहीण कॅनडात असते. आता ऐन वेळी कसं सांगू? एका दिवसाचा तर प्रश्न आहे."

"आईने सांगितलं ना त्यांना तसं?"

"आई भांडली माझ्याशी त्यावरून," तो हळूच म्हणाला. "मी सांगितलं."

तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. साखरपुड्याला "पाचदहाच माणसं आहेत, तू कशाला दगदग करतेस" असं तो का म्हणाला होता, ते आता कळलं. मेला! आईचा राग निदान तोंडावर तरी होता. सगळे कागद फाडून टाकावेत असं वाटलं. पण त्या अडीचशे माणसांनी तिचं काय घोडं मारलं होतं? तिने शोभाचं कार्ड छापलं, कापलं, दुमडलं. मनात एवढीच एक वेडी आशा होती, की ती समोर उभी असताना त्याची जीभ रेटणार नाही.

लग्नाच्या दिवशी सकाळी, करवलीसाठी घेतलेली जांभळी साडी नेसून, ती कुकटपल्लीच्या हॉलमध्ये एकेका ताटासमोर कार्ड ठेवत होती. नवरीची, शिल्पाची आई, सुमनबाई, कुलदीपला घेऊन सजावट बघत तिथे आल्या. एक कार्ड उचलून त्यांनी निरखून पाहिलं.

"अगंबाई, किती सुबक! या कोण म्हणायच्या?"

त्रिवेणी कुलदीपकडे बघत राहिली.

तो म्हणाला, "कार्डांचं काम यांना दिलं होतं."

सुमनबाईंनी तिचा हात हातात घेतला. कटरने कापलेल्या दोन बोटांना पट्ट्या होत्या.

"बोटं कापून घेतलीत की हो! एवढ्या राबलात, आता उपाशी जायचं नाही. आपल्याच घरचं कार्य समजा. जेवूनच जा हं."

त्रिवेणीने पुन्हा भावाकडे पाहिलं. तो समोरचं कार्ड सरळ करत होता. ते सरळच होतं.