काढलेली पाच मिनिटं

बायको जाऊन तीन महिने झाले, तेव्हा दिग्दर्शक घरी आला. तिला तो ताई म्हणायचा, म्हणून मी त्याचा भाऊजी. सिनेमाशी माझा संबंध एवढाच. मी नळजोडणीची कामं करणारा माणूस.

ती सिनेमे जोडायची, म्हणजे संकलन करायची. लहान माणसांनी पदरमोड करून काढलेले सिनेमे. तीस वर्षांत अकरा. माझी बहीण विचारायची, "वहिनी, तुमचं नाव पडद्यावर येतं तरी कधी?"

"लोक पायाखाली चपला शोधायला लागले की."

मागच्या खोलीत तिचं टेबल होतं. सिनेमा पहिल्यांदा जोडून झाला की मला हाक मारायची. मी सिनेमा बघायचो, ती मला बघायची. मी पाय हलवला, मान खाजवली, की कागदावर खूण करायची.

"गळती कुठंय ते तुम्हाला बरोबर कळतं," ती म्हणायची.

"अगं, पण मला सिनेमाच कळला नाही."

"म्हणूनच."

मला मनातून फार बरं वाटायचं. चारचौघांत सांगायचो, हिचे सिनेमे माझ्या चुळबुळीवर चालतात.

दिग्दर्शकाचा पहिला सिनेमा आता नव्याने दाखवणार होते. त्याला त्यात एक प्रसंग परत घालायचा होता. मुलगा घर सोडून गेल्यावर आई स्वयंपाकघरात एकटीच बोलत बसते, पाच मिनिटं. हिने तो काढला होता.

"तेव्हा ताईंपुढे बोलायची माझी टाप नव्हती," तो म्हणाला.

"टाप नव्हती? आठवडाभर भांडत होतास. मी चहा करून करून दमलो."

तो हसला. "तुकडा तुमच्याकडेच असणार, भाऊजी."

तो प्रसंग मला आठवत होता, आवडलाही होता. पण सिनेमा तिने केला तसा राहणार की नाही, हे आता माझ्या हातात होतं. काय करावं ते सुचेना. तिचं कपाट उघडलं. फिल्मचे डबे ओळीने लावलेले, प्रत्येकावर तिच्या तिरक्या अक्षरात चिठ्ठी. तो डबा सापडला.

'आई, स्वयंपाकघर. हे जागचे हलले नाहीत. डोळेसुद्धा पुसले. तरी काढला. इथे रडून घेतलं तर शेवटी कुणी रडणार नाही.'

मी दोनदा वाचलं. म्हणजे माझ्यावाचून तिचं काही अडत नव्हतं. आधी जरा राग आला, मग हसू आलं. तिच्याशी भांडायची फार इच्छा झाली.

डबा मी दिग्दर्शकाच्या हातात दिला. "घालू नकोस," म्हणालो.

"भाऊजी, सिनेमा माझा आहे."

"तुझाच आहे. आधी चिठ्ठी वाच."

त्याने वाचली. चष्मा काढला, पुन्हा वाचली.

"शेवटाला रडले होते लोक," तो म्हणाला. "सगळे."

"सगळे म्हणजे किती?"

"बावीस."

आम्ही दोघंही हसलो. मग तो उठला आणि डबा आपल्या हाताने कपाटात ठेवला. चुकीच्या ओळीत ठेवला.  तो गेल्यावर मी उचलून जागेवर लावला.